माझ्या पोटातले नऊ सेकंद

मित्रांनो, माझ्या पाठीवर एक कागद चिकटवलेला आहे आणि त्यावर निळ्या शाईत लिहिले आहे, 'मंदा, हळद, भाग २'. अक्षर विपुलचे. कागद आता पिवळा पडला आहे, आणि त्यावर लिहिलेले अर्धेच खरे आहे. मी एक जुनी व्हिडिओ कॅसेट आहे. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी माझ्यासारखी कॅसेट हातातही घेतली नसेल. जाडजूड पुस्तकाएवढी काळी पेटी, आत दोन चक्रे आणि त्यांच्यावर गुंडाळलेली अडीचशे मीटर तपकिरी फीत. त्या फितीवर जे उमटले तेच मला ठाऊक, बाकी काही नाही, असे मी पुष्कळ वर्षे समजत होते. आता मात्र जे उमटले ते तरी मला नीट समजले आहे का, हेच मला कळेनासे झाले आहे. म्हणून तुम्हाला सगळे पहिल्यापासून सांगते.

माझा जन्म कुठल्या कारखान्यात झाला ते मला आठवत नाही. पालघरच्या बाजारातल्या एका दुकानातून विपुलने मला विकत घेतले, तिथपासूनचे आठवते. विपुल तेव्हा चोवीस वर्षांचा होता. घरची चिकूची वाडी सोडून त्याने तारापूरच्या रस्त्यावर लग्नाच्या शूटिंगचे दुकान टाकले होते. खांद्यावर घ्यायचा त्याचा कॅमेरा इतका मोठा होता, की तो निघाला की गावातली पोरे मागे लागत.

माझे पहिले काम दांडी गावातल्या मंदाच्या हळदीचे. मंदा ही तिथल्या एका मच्छीमार घरातली मुलगी. मांडवात बायका गात होत्या, हळद उडत होती, आणि मंदाचा थोरला भाऊ शांताराम पाण्याच्या घागरी वाहत इकडून तिकडे धावत होता. त्याला कॅमेऱ्याची फार लाज. विपुलने कॅमेरा वळवला की तो हातातली घागर तोंडासमोर धरायचा. त्याची बायको काशीबाई हे बघून हसत होती. तिच्या कडेवर दोन वर्षांची मेघाली होती. हे सगळे पन्नास मिनिटे माझ्यावर उमटले. पुढे दोन-तीन दिवस ते शांतारामच्या घरी टीव्हीवर लागत होते आणि अख्खी आळी दारात बसून बघत होती. माझे आयुष्य असेच जाणार, असे मला वाटले. लग्ने, हळदी, बारशी.

पंधरा दिवसांनी मोर्चा होता. कारखान्यांचे सांडपाणी पाइपातून थेट खाडीच्या मुखाशी सोडायचे ठरले होते, आणि तिथेच गावच्या लोकांची जाळी लागत. चार-पाच गावांतली माणसे निघाली. गावाने विपुलला सांगितले, तू शूटिंग कर, म्हणजे आपण किती जण आहोत ते वरच्या लोकांना दाखवता येईल. विपुलने घाईत फळीवरून मला उचलले, कारण माझ्यात जागा शिल्लक होती.

आता मी सांगते ते नीट ध्यानात घ्या, कारण पुढचा सगळा गोंधळ इथून सुरू होतो. सगळ्या लोकांची तोंडे दिसावीत म्हणून विपुल मोर्च्याच्या पुढे गेला आणि पुलाच्या तोंडाशी उभ्या असलेल्या बर्फाच्या टेम्पोच्या टपावर चढला. टेम्पोच्या पुढे, खाली रस्त्यावर, बंदोबस्ताच्या पोलिसांची तुकडी होती. ती बाहेरगावाहून आलेली होती. म्हणजे विपुल गावचा, कॅमेरा गावाने बोलावलेला, पण उभा होता समोरच्या बाजूला. तिथून बघितले की मोर्चा चालत येतोय असे दिसत नाही, तो अंगावर येतोय असे दिसते.

मोर्च्याची माझ्यावर सहा मिनिटे आहेत. पहिली पाच मिनिटे बायका, टोपल्या, फलक, उन्हाने मिचकावलेले डोळे. माणसांचा आवाज फारसा नाही, कारण टेम्पोचे इंजिन सुरू होते आणि वारा होता. मग पुढची रांग थांबते. धक्काबुक्की होते. शांताराम पुढे येतो, त्याचा उजवा हात डोक्याच्या वर जातो, तोंड उघडते. दोन आवाज होतात. शांताराम खाली बसतो, जणू काहीतरी उचलायला वाकला आहे, आणि मग दिसत नाही. त्यानंतर आभाळ, टेम्पोचा टप आणि विपुलच्या चपला. हात वर जाण्यापासून तो दिसेनासा होईपर्यंत नऊ सेकंद.

पोलिसांच्या गोळीबारात शांताराम तिथेच गेला. अकरा जण जखमी झाले.

विपुल घरी आला आणि सर्वांत आधी त्याने माझ्या कडेचा प्लास्टिकचा छोटा दात मोडून टाकला. तो मोडला की कॅसेटवर पुन्हा काही भरता येत नाही. तेव्हा मला फार मोठे झाल्यासारखे वाटले. मी साक्षीदार होते. माझ्यामुळे सगळ्यांना खरे कळेल, असे मी धरून चालले होते.

चौकशी बसली. मला एका कचेरीत नेले, माझी नक्कल केली आणि मला परत पाठवले. त्या नकलेची कुणीतरी आणखी एक नक्कल केली आणि ती केबलवर लागली. सहा मिनिटे नाहीत, फक्त ते नऊ सेकंद. दिवसातून कितीतरी वेळा. खाली पट्टी होती, 'जमावाकडून दगडफेक'. नकलेच्या नकलेत चित्र इतके पुसट होते, की शांतारामच्या मुठीत दगड आहे म्हटले तर दगड दिसे. चौकशीचा निकालही तसाच लागला. गावाने मात्र त्याच चित्रावरून मोठा फलक रंगवून घेतला. त्यात शांतारामची मूठ आवळलेली होती आणि तो घोषणा देत होता. मी पुरती गोंधळून गेले. माझ्याच नऊ सेकंदांतून एकीकडे दगड निघाला होता आणि दुसरीकडे मूठ.

काशीबाई तेराव्यानंतर विपुलच्या दुकानात आली. तिला ते बघायचे होते. विपुल नको नको म्हणत होता, पण तिने ऐकले नाही. ती बघून गेली, महिन्याभराने परत आली, मग पुन्हा आली. दोन वर्षे ती अशी येत राहिली. दर वर्षी स्मृतिदिनाला ती दोन शब्द बोलायची आणि त्याचीही कॅसेट विपुल करायचा. पहिल्या वर्षी ती एवढेच बोलली, की पाइप नको. दुसऱ्या वर्षी बोलली, त्यांनी हात वर केला. पाचव्या वर्षापर्यंत ती सांगू लागली होती, की त्यांनी हात वर केला, तोंड उघडले आणि माझ्याकडे बघितले. लोक डोळे पुसायचे. मला मात्र काही समजत नव्हते. कारण माझ्या फितीवर काशीबाईही आहे. शांतारामच्या तीन रांगा मागे, मान खाली घातलेली, कडेवर मेघाली. तिला त्याची पाठ दिसत असणार. त्याचा चेहरा दिसत होता तो मला. मग ती सांगत होती ती आठवण तिची होती की माझी?

मेघालीचे तर आणखी वेगळे. तिला वडील आठवत नव्हते, तिला केबलवरचे चित्र आठवत होते. त्या नकलेला एक चुणी पडली होती, त्यामुळे शांतारामच्या कपाळावरून एक पांढरी रेघ जायची. शाळेत बाईंनी घरच्या माणसांचे चित्र काढायला सांगितले तेव्हा मेघालीने वडिलांच्या कपाळावर पांढऱ्या खडूने रेघ ओढली. बाईंनी विचारले, हे काय? ती म्हणाली, माझे बाबा असेच होते.

पुढे सीडी आली, मग तीही गेली. विपुलने दुकान बंद करून वाडीचे काम धरले. मी लोखंडी कपाटात पडून राहिले. आमच्या किनाऱ्याची हवा खारी आणि ओली, माझ्या फितीवर पांढरी बुरशी चढली. वीस वर्षे मला कुणी हात लावला नाही. नऊ सेकंद मात्र माझ्याशिवाय जगत राहिले, आधी संगणकावर, मग मोबाईलवर.

गेल्या वर्षी मेघाली बोईसरमधल्या एका कारखान्याच्या ऑफिसात बसली होती. ती तिथे हिशेबनीस नाही की साहेब नाही, प्रयोगशाळेचे अहवाल टाइप करते. जेवणाच्या सुट्टीत एका कामगाराने तिच्यापुढे फोन धरला. "देखो मॅडम, कल का है, हमारे उधर का," तो म्हणाला. खाली हिंदीत कुठल्याशा दूरच्या शहराचे नाव होते आणि एका जमातीला शिव्या होत्या. चित्र उभे कापलेले होते. त्यात एक माणूस हात वर करत होता आणि त्याच्या कपाळावर पांढरी रेघ होती.

तिने त्या कामगाराला सांगितले, की हे माझे वडील आहेत. तो खूप ओशाळला, पण त्याने विचारले, मग हे कालचे कसे? त्याच संध्याकाळी ती विपुलच्या वाडीत गेली आणि मूळ कॅसेट आहे का, असे विचारले.

विपुलने मला बाहेर काढले. त्याचे हात आता जून झाले होते. चार दिवस तो मऊ कापडाने माझी फीत हळूहळू पुसत होता. पालघरच्या एका ओळखीच्या माणसाकडून त्याने चालू स्थितीतला व्हीसीआर आणला. गावात बातमी गेली. स्मृतिदिन महिन्यावर आला होता, आणि तो पाळणाऱ्या गावच्या समितीचा विचार मोठ्या पडद्यावर ते नऊ सेकंद दाखवायचा होता, सावकाश करून, मागे संगीत लावून. समितीचा प्रमुख रामू. तो शांतारामचा चुलतभाऊ, त्याच्याच बोटीतला भागीदार, आणि अठ्ठावीस वर्षे फोटोला हार घालण्याचा मान त्याचा. मूळ कॅसेट सापडल्याचे ऐकून तो खूश झाला नाही. आहे ते चांगले आहे, उगाच जुने कशाला उकरता, असे त्याने मेघालीला दोनदा सांगून पाहिले. तिने मानले नाही. शेवटी तोही आला.

एका रविवारी दुपारी दांडीत काशीबाईच्या घरी पाच जण बसले: काशीबाई, मेघाली, आता पन्नाशीला आलेली मंदा, विपुल आणि दाराशी उभा असलेला रामू. विपुलने मला आत सरकवले. तो बटण दाबणार तोच काशीबाईने त्याला थांबवले.

"आदी मी सांगतो काय आठवतंय ते," ती म्हणाली. आमच्या किनाऱ्यावरच्या म्हाताऱ्या बायका असेच बोलतात. "मेघाली, तू लिव. ह्ये बगितलं का मंग मला माजं कायच आठवत नाय, ह्येच आठवतंय."

ती सांगू लागली. मोर्च्यात ती मागे होती. शांतारामच्या सदऱ्याची पाठीवरची शिवण उसवली होती. सकाळी तिने दुसरा सदरा घालायला सांगितले, त्याने ऐकले नाही, म्हणून ती जरा रागात होती. पुलाजवळ मेघाली रडायला लागली, तिच्या पायातला वाळा अडकला होता. काशीबाई तो सोडवत होती. आवाज झाले तेव्हा तिने वर बघितले, तर पुढे माणसेच माणसे.

एवढे सांगून ती थांबली. मग म्हणाली, "हात मी बगितला नाय. तोंड बगितलं नाय. सगली मला इचारायची, शेवटी काय बोलले, तुज्याकडं बगितलं का. नाय कसं सांगू? मी त्यावेली वाला सोडवीत व्हती."

मेघालीने लिहिलेले वाचून दाखवले. काशीबाई म्हणाली, लाव आता.

आधी हळद लागली. मंदा स्वतःला बघून रडू लागली. मग घागर खाली घेऊन एक क्षण शांताराम दिसला. त्याला मिशी होती. काशीबाई लगेच म्हणाली, की यांनी मिशी कधीच ठेवली नाही. मंदा म्हणाली, वहिनी, समोर दिसतेय की. काशीबाई पडद्याजवळ गेली, डोळे बारीक करून बघत राहिली आणि परत येऊन बसली. तिला पटले की नाही, ते मला समजले नाही.

मग मोर्चा. मूळ चित्र स्वच्छ होते. मेघाली एकदम म्हणाली, "रेघ कुठं गेली?" विपुलने तिला समजावले, की ती रेघ नकलेची होती, तुझ्या वडिलांची नाही. ती स्वतःच्या कपाळावर हात ठेवून बसली.

नऊ सेकंद चार वेळा लावून बघितले. विपुल चित्र थांबवी, पण थांबवलेले चित्र थरथरते. मेघालीला हाताचा पंजा उघडा दिसला. मंदाला रुमाल असावा असे वाटले. विपुलला विचारले तर तो म्हणाला, मला तो दिवस आठवतच नाही, कॅमेऱ्यातून दिसणारे एवढेसे काळे-पांढरे चित्र तेवढे आठवते. मग त्याला पडद्याच्या डाव्या काठावर काहीतरी दिसले. मोबाईलवर उभे कापलेल्या चित्रात तो काठ नव्हता, केबलच्या नकलेत तो काळा पडला होता. हिरव्या बाहीतले एक कोपर मागे ताणलेले होते. शांतारामचे डोळे बंदोबस्ताकडे नव्हते. ते त्या कोपराकडे होते.

हे कोण, असे विपुलने सहज विचारले.

रामू दाराची चौकट धरून उभा होता. तो खाली बसला.

"मी हाय तो," तो म्हणाला. "दगड मी मारला, वयनी. दादा मला थांबवीत व्हता."

मग त्याने सांगितले. चौकशीत दगडाचे नाव निघाले तेव्हा तो घाबरला. पुढे केबलवर आपण दिसत नाही हे त्याला कळले. शांतारामला दगडफेक्या म्हणत तेव्हा तो लोकांशी भांडायचा, पण खरे सांगायचा नाही. दर वर्षी हार घालताना आज सांगू, आज सांगू, असे त्याला वाटे. पुढे पुढे तर ते नऊ सेकंद इतक्या वेळा बघितले, की आपण तिथे नव्हतोच, असेही त्याला कधी कधी वाटू लागले.

मंदा उठून आत निघून गेली. काशीबाईने त्याला शिवी दिली नाही की जवळही केले नाही. तिने एकच विचारले.

"भावजी, तुमी बाजूला व्हते. ते काय बोलले?"

"टाक खाली, बोलला. रामू, टाक खाली."

"परत सांगा. सावकाश."

रामूने डोळे मिटले. या वेळी तो म्हणाला, "रामू, मागं पोरं हायत, असा बोलला."

मेघालीने विचारले, काका, यातले कुठले? रामूला सांगता येईना. दोन्ही खरी वाटतात, म्हणाला. मित्रांनो, मीही त्याला मदत करू शकत नव्हते. माझ्यावर शांतारामचे ओठ आहेत, पण आवाज टेम्पोचा आहे. रामूला खरोखर आठवत होते, की माझे चित्र बघून बघून त्याच्या मनाने शब्द भरले होते, हे मला आजही उमगलेले नाही. दगड आधी गेला की गोळीचा हुकूम आधी झाला, तेही माझ्यात नाही. काशीबाईने मेघालीला दोन्ही वाक्ये लिहायला लावली, एकाखाली एक. आणि रामूला सांगितले, की स्मृतिदिनाला हे तुम्हीच सांगायचे, मी सांगणार नाही.

स्मृतिदिनाला सकाळी गावच्या हॉलमध्ये पडदा लावला नाही. आधी काशीबाई उठली. गेली कितीतरी वर्षे मी तुम्हाला जे सांगत आले ते मी बघितलेले नव्हते, ते व्हिडिओतले होते, असे तिने सांगितले. मग रामू उठला. आपण पुलाच्या डाव्या अंगाला उभे होतो, इथून त्याने सुरुवात केली आणि दोन्ही वाक्यांपर्यंत सगळे सांगितले. टाळी वाजली नाही. मागच्या रांगेतून दोन माणसे उठून निघून गेली. त्यातला एक जण त्या दिवशी पायाला गोळी लागलेला होता.

पुढे बसलेली भाविका नावाची कॉलेजातली मुलगी हातात फोन धरून होती. तिने विचारले, "पण काका, हे व्हिडिओत दिसतं का?"

काशीबाईने उत्तर दिले.

"नाय दिसत. म्हणून तर त्यो सांगतोय."

मित्रांनो, आता मी मेघालीच्या घरी कोरड्या डब्यात असते. तिने माझी सहाही मिनिटे उतरवून घेतली आहेत आणि सोबत कागद ठेवला आहे: कॅमेरा कुठे होता, कोण कुठे उभे होते, कुणाला काय दिसले नाही. माझ्यासारख्या जुन्या फिती तुमच्याही घरी असतील, तर त्यांना ओलाव्यापासून जपा. कुणी तुम्हाला नऊ सेकंद दाखवले, तर त्याआधीचे आणि नंतरचे कुठे आहे, ते विचारा. आणि त्या दिवशी तिथे असलेला माणूस अजून तुमच्यात असेल, तर मला लावण्याआधी त्याच्यापाशी जाऊन बसा. मी उद्याही असेन. त्या माणसाचे सांगता येत नाही.